मठ्ठ कोण म्हणालं?

“राजा मठ्ठ आहे,” असं बेडूक भर दरबारात म्हणाला. समोर सिंहासनावर खुद्द राजा पृथ्वीमल्ल बसला होता.

मोरझरीच्या राज्यात निरोप पोचवायला सादबेडूक असत. ते जुळे जन्मत. त्यातला एक राजवाड्यात चांदीच्या परातीत बसे आणि दुसरा दूर सरहद्दीच्या किल्ल्यावर. एकाच्या कानावर जे पडेल ते दुसऱ्याच्या तोंडून निघे. शब्द माणसाचे, आवाज मात्र बेडकाचा. त्यामुळे पलीकडे कोण बोलतंय, हे बोलणाऱ्याने स्वतः सांगितलं तरच कळायचं. अंगावर ओलं फडकं टाकलं की बेडूक झोपी जाई, आणि मग ना ऐकू येई, ना बोलता.

राजा परातीवर वाकला. “किल्लेदार, हे तुम्ही म्हणालात?”

पलीकडे जरा गडबड झाली असावी. मग बेडूक म्हणाला, “मी रणधीरराव बोलतोय, महाराज. माझी जीभ झडेल असं बोलताना. हा बेडूकच लबाड आहे. पदरचं घालतो.”

किल्लेदार रणधीरराव म्हणजे राणीसाहेबांचा धाकटा भाऊ. त्याच्यावर संशय घ्यायचीही चोरी. राजाने बेडकाची राखण करणाऱ्या गोजराला पुढे बोलावलं.

“तुझा बेडूक खोटं बोलतो.”

“महाराज,” गोजरा म्हणाली, “बेडूक खोटं बोलतो, हेही बेडूकच बोलला.”

राजाने यावर बराच विचार केला. प्रधानांनी छताकडे पाहिलं.

“मला शब्दांत गुंतवू नकोस,” राजा शेवटी म्हणाला. “दिवस मावळायच्या आत या बेडकाने आपल्या तोंडाने सांगायचं, मला मठ्ठ कोण म्हणालं ते. नाही सांगितलं तर याला सुळावर चढवीन आणि तुला राज्याबाहेर काढीन.”

बेडकाला स्वतःचं असं काही बोलताच येत नाही, हे दरबारात सगळ्यांना माहीत होतं. पण सकाळीच एक ‘मठ्ठ’ ऐकून घेतलेल्या राजाला ते समजावणार कोण? तिने बेडकाकडे पाहिलं. तो निवांत चिलट गिळत होता. शेपटी होती तेव्हापासून तिने त्याला वाढवला होता.

तिने आधी त्याच्यावर ओलं फडकं टाकलं.

“सांगेल तो,” ती म्हणाली. “फक्त एक वचन द्या, महाराज. मी हे फडकं काढून पुन्हा टाकेपर्यंत कुणी अवाक्षर काढायचं नाही. आपणसुद्धा.”

“दिलं,” राजा म्हणाला.

दुपारची जेवणं आटोपून दरबार पुन्हा भरला, तेव्हा गोजराने फडकं काढलं आणि गळा काढून बोलायला सुरुवात केली. “किल्लेदारसाहेब, मी प्रधान बोलतोय. घात झाला. आज जेवताना महाराजांच्या घशात मोदक अडकला. महाराज गेले.”

राजा ताडकन उठला. त्याने तोंड उघडलं, वचन आठवलं, आणि तोंड मिटून तो परत बसला. खऱ्या प्रधानांना दरदरून घाम फुटला.

“गादीवर युवराज बसलेत,” गोजरा पुढे म्हणाली. “आपले वडील मठ्ठ होते हे ते जाणतात. ते जिवंत असताना ज्याने हे बोलायची हिंमत केली, त्याला सेनापती करायचं म्हणतात. इथे खजिनदार सांगतात की पहिल्यांदा तेच म्हणाले. तुम्ही फक्त तसा होकार कळवा.”

बेडकाचा गळा हळूहळू फुगला.

“खजिनदार? तो तर महाराजांच्या शिंकेलाही वाहवा म्हणायचा! मी म्हणालो मठ्ठ, या रणधीररावाने. आजच सकाळी म्हणालो. किल्ल्यावरचा शिपाई न् शिपाई साक्षीला आहे. आणि नुसतं मठ्ठ नाही. त्यांच्या मिशीला मी खराटा म्हणतो. ते गायला लागले की तबेल्यात घोडी दावं तोडतात, हेही माझंच वाक्य. सेनापतीची वस्त्रं कधी धाडताय?”

दरबाऱ्यांनी उपरण्यांचे बोळे तोंडात कोंबले. गोजराने बेडकावर फडकं टाकलं.

राजाचा चेहरा मिशीच्या टोकापर्यंत लाल झाला होता. “बाई, तू माझं मरण सांगितलंस. याला शिक्षा काय आहे, ठाऊक आहे?”

“आहे, महाराज. पण मी ते फक्त बेडकाला सांगितलं. किल्लेदार म्हणतात तसा तो लबाड असेल, तर तिकडे भलतंच काही पोचलं असेल, आणि आपल्या मरणाची बातमी कुणाला कळलेलीच नाही. तो खरा असेल, तर आपण मागितलेलं नाव आपल्याला मिळालं. ते कसं मिळवायचं, हे काही आपण सांगितलं नव्हतं.”

राजाने पुन्हा बराच विचार केला. या खेपेला छताकडे पाहायचं धाडस कुणाला झालं नाही.

“मग आता तूच सांग,” तो म्हणाला, “मी मठ्ठ आहे का?”

प्रधानांनी डोळे मिटून घेतले. गोजराने पदर सावरला आणि हात जोडले.

“किल्ल्यावर अजून आपलं सुतक चालू आहे, महाराज. गेलेल्या माणसाला नावं ठेवण्यातली मी नव्हे.”

मग राजाची मिशी थरथरली, खांदे हलू लागले, आणि तो असा हसत सुटला की त्याला पाणी पाजावं लागलं. हसता हसताच त्याने परातीवरचं फडकं उचललं.

“किल्लेदार, पृथ्वीमल्ल बोलतोय. स्वर्गात तुमची फार आठवण यायला लागली, म्हणून परत आलो.”

बेडूक नुसतंच “डराँव” म्हणाला. ते त्याचं स्वतःचं होतं की किल्लेदाराचं, हे कुणालाच सांगता आलं नाही.

राजाने हातातलं सोन्याचं कडं काढून गोजराला दिलं आणि कमळतळ्याकाठची बाग तिच्या नावे करून दिली. राणीसाहेबांच्या भावाला सुळावर चढवता येईना, म्हणून त्याला राजवाड्यात मानाची नोकरी मिळाली. सेनापतीची वस्त्रं अंगावर चढवून तो रोज तळ्यावर बेडकासाठी चिलटं धरू लागला. चिलटं पुरेशी जाडजूड आहेत की नाहीत, ते गोजरा पाहून घेई.