झोळाईची भोकाची पळी

हे कातळात खोदलेले झऱ्याचे टाके, त्यावरचे सागवानी झाकण, आणि शेजारच्या खांबाला टांगलेली ही तांब्याची पळी. हातात घेऊन बघा. बुडाला करंगळी जाईल एवढे भोक आहे. नवीन माणूस हमखास विचारतो, एवढ्या नवसाच्या देवीला एक धड पळी मिळू नये का? मिळाली असती. तांबटांनी फुकट डाग देऊन भोक बुजवायची तयारी कितीदा तरी दाखवली, पण हिरडेवाडीच्या गुरवांनी कधी ऐकले नाही. दुसरे नवल तुम्हाला आत दिसेल. ऐन चैत्रात, डोंगर चढून घामाने निथळणाऱ्या माणसांना ही झोळाई ऊन ऊन तीर्थ देते, आणि माणसे ओंजळीवर फुंकर मारून ते पितात. देवाच्या गोष्टीवर फुंकर मारू नये, हे आम्हालाही शिकवलेले आहे. तरी इथे मारतात. बसा, सांगतो. मी गुरव नव्हे, गुरवांच्या लेकीकडचा, म्हणजे नात्याने भाचा. भाच्याला जरा जास्त बोलायची मुभा असते.

गोष्ट सव्वाशे वर्षांपूर्वीची. तेव्हा टाक्यावर झाकण नव्हते. जत्रेला आलेली माणसे पायऱ्या उतरून यायची, त्याच पाण्यात पाय धुवायची, बायका काठावर पोरांची लंगोट-दुपटी खळबळायच्या, आणि त्याच पाण्याचे तीर्थ व्हायचे. जत्रा उलगडली की तिसऱ्या-चौथ्या दिवशी गावोगाव वाखा सुरू. वाखा म्हणजे हगवण-ओकारी, तुम्ही कॉलरा म्हणता तो. देवी कोपली म्हणायचे, आणि पुढच्या वर्षी दोन बोकड जास्त पडायचे. दुखणे रेड्याला आणि औषध पखालीला.

त्या वेळी धोंडजी गुरव देवीची पूजा करीत असे. माणूस सरळ, नेमाचा. तीर्थाची पहिली ओंजळ गुरवाच्या लेकराला, हा या घराचा मान. धोंडजीच्या थोरल्या मुलाने तो मान घेतला आणि त्याच जत्रेनंतर तो गेला. चार वर्षांनी धाकटा तसाच गेला. देवीने आपली माणसे आपल्याकडे नेली, अशी धोंडजीने मनाची समजूत घातली. आता धोंडजी आणि त्याची बायको सगुणा यांच्या घरात एकच लेकरू उरले होते, सहा वर्षांची ठकू, आणि ओंजळ तिच्यावर आली होती.

त्या वर्षी जत्रेआधी खोपकर नावाचे एक डॉक्टर गावात आले. मुंबईला शिकलेले, सोबत पितळी सूक्ष्मदर्शक. गावकरी त्याला दुर्बीणच म्हणत. डॉक्टरांनी टाक्यातला एक थेंब काचेवर घेतला आणि पाटलाच्या अंगणात सगळ्यांना बघायला लावले. पाण्यात वळवळ चालली होती. डॉक्टर म्हणाले, रोग वाऱ्यावरून येत नाही, कोपाने येत नाही, असल्या जिवांपासून येतो. कलकत्त्याच्या एका तळ्यात एका जर्मन डॉक्टरला पटकीचा, म्हणजे या वाख्याचाच, जंतू सापडला आहे, नखाच्या कोरेसारखा वाकडा. तो या थेंबात आहे की नाही, हे त्यांना नुसते बघून ओळखता येत नाही, हेही त्यांनी मोकळेपणाने सांगितले. पण पाणी उकळले की असेल तो मरतो.

धोंडजीने डोळा लावला, बराच वेळ बघितले, आणि काचेला हात जोडले. म्हणाला, "जित्या झऱ्याचं पानी हाय, त्यात जीव असायचेच. तापवल्यावर ते तीर्थ कसं ऱ्हाईल?"

शेवटी पाटलाने तोड काढली. "धोंडजी, वाख्यापायी सरकारनं जत्रा बंद पाडण्यापरीस पानी तापल्यालं बरं."

तसे ठरले. जत्रेच्या पहाटे मोठ्या हंड्यात पाणी उकळले. निवून कोमट झाले, धोंडजीने पळीने तीर्थ वाटले, पहिली ओंजळ ठकूने घेतली. आणि तिसऱ्या दिवशी वाखा आला. ठकूही पडली. सगुणाने तिला मिठाची पेज घोटघोट पाजून कशीबशी काठावर ओढून आणली, पण गावात अकरा माणसे गेली. लोक डॉक्टरांना हसले. रागावले असते तर परवडले असते. डॉक्टर पुन्हा आले, गुरवाच्या ओसरीवर बसले आणि एकच विचारत राहिले, पाणी नीट उकळले होते ना? उकळले होते. खळखळून? खळखळून. मग आला कुठून? त्या माणसाला म्हणे आपली फजिती झाली याचे काही नव्हते, कोडे सुटत नव्हते याचेच दुःख होते.

सगुणा तिथेच दूध निववत बसली होती. तिने विचारले, "डाक्टरसाहेब, ते किडं पान्यात पडलं म्हंजी करत्यात काय?"

"वाढतात. एकाचे दोन, दोनाचे चार. सकाळी थेंबभर असतील, तर संध्याकाळी हंडाभर होतात."

"म्हंजी इरजणावानी?"

डॉक्टर म्हणाले, "अगदी विरजणासारखे. दह्यातही असलेच जीव असतात, फक्त ते आपल्या बाजूचे."

जे डॉक्टरांना कोणी सांगितले नव्हते ते सगुणाला माहीत होते. उकळलेले पाणी धोंडजीला तीर्थ वाटत नव्हते. म्हणून हंडा कोमट झाल्यावर त्याने टाक्यातले एक पळीभर पाणी वरून घातले होते, देवीचा हात लागावा म्हणून. लपवून नव्हे, सगळ्यांसमोर. पण पळीभर पाण्याचे सांगायचे काय, असेच सगळ्यांना वाटले. कोमट दुधाला विरजण लावावे तसे गाव दरवर्षी आपल्या हाताने वाखा लावणार होते.

तिने नवऱ्याला सांगून पाहिले. तो म्हणाला, "देवीच्या पळीनं कुनी मरत नसतं." विषय संपला.

पुढच्या चैत्रात ठकूची ओंजळ पुन्हा पुढे झाली. हंडा उतरवायची वेळ झाली तरी सगुणा चुलीत लाकडे सारत होती. धोंडजीने टाक्यात पळी बुडवली, उचलली, आणि हंड्यापर्यंत येईतो ती रिकामी. पुन्हा बुडवली, पुन्हा रिकामी. तिसऱ्या वेळी त्याने पळी उलटी करून पाहिली. लोक कुजबुजू लागले, देवीचा कौल झाला म्हणून. सगुणाला गप्प बसता आले असते. निभावलेही असते.

ती म्हणाली, "कौल न्हाई. म्यां खिळा मारला. झोळाईच्या पायावर डोकं ठिवून मारला."

देवीच्या पळीला भोक पाडणारी बाई. तिला त्याच पावली गावाबाहेर काढले असते तरी कोणी नवल केले नसते. पाटील पुढे सरकला. सगुणा नवऱ्यालाच म्हणाली, "अवं, दोन लेकरं दिली. ही मागू नगा. कढत दुधाला इरजण लागत न्हाई, म्हनून जाळ ठिवलाय. द्या तिला तसंच."

धोंडजीने ठकूच्या ओंजळीकडे पाहिले. असे सांगतात, तो इतका वेळ उभा राहिला की चुलीतले लाकूड जळून ढासळले. मग त्याने पळी बाजूला ठेवली आणि तांब्याने हंड्यातले ऊन पाणी थोडेसे लेकीच्या ओंजळीत ओतले. ठकू कळवळली, "बा, भाजतंय," म्हणाली, आणि तिने त्यावर फुंकर मारली. कोणी तिला रागावले नाही. मागच्या माणसानेही फुंकर मारली, त्याच्या मागच्यानेही.

तीन दिवस गेले, आठ गेले, महिना गेला. त्या जत्रेचा वाखा कोणाच्या घरी आला नाही. खोपकर डॉक्टर धावत आले, काय बदलले म्हणून. धोंडजीने त्यांच्यापुढे पळी ठेवली आणि सगळे सांगितले. डॉक्टर आनंदाने उभे राहिले. मग त्यांचे लक्ष धोंडजीकडे गेले आणि ते पुन्हा खाली बसले. धोंडजी आपल्या उजव्या हाताकडे बघत होता. म्हणाला, "दोघास्नी म्याच दिलं. मान म्हनून दिलं."

टाक्यावर झाकण त्याच वर्षी बसले. पळी दुरुस्त करायला मात्र धोंडजीने मरेपर्यंत नकार दिला.

आजही या घराण्यात पूजा नव्या माणसाकडे आली की पहिल्या दिवशी त्याला झाकण उघडून ही पळी टाक्यात बुडवावी लागते. सगळ्यांसमोर ती उचलून धरायची, आणि शेवटचा थेंब गळेपर्यंत हलायचे नाही, बोलायचे नाही. चारच क्षण लागतात, पण फार लांबतात. मी लहानपणापासून तीन गुरवांना तसे उभे राहिलेले पाहिले आहे, आणि तिघांचेही डोळे भरून आले होते.

ठकू पुढे खालच्या गावात दिली. पाच लेकरे झाली, त्यातल्या एकाचा नातू मी. चला, हंडा उकळला वाटते. ओंजळ पुढे करा. कढत आहे हो, फुंकर मारा.