मुका धोंडा

भणाणखिंडीच्या ऐन माथ्यावर कमरेएवढा एक काळा धोंडा आहे. त्याच्यापुढच्या खडकात दोन पावलांएवढी खोलगट जागा झिजली आहे, कारण कित्येक पिढ्या माणसे तिथे उभी राहत आली. आता मात्र तिथे कुणी उभे राहत नाही. नवख्या पाहुण्याला वाटाड्या धोंड्याच्या अलीकडेच सांगून ठेवतो, "धोंडा ओलांडेपर्यंत तोंड मिटून चला. काय बोलायचं ते खाली गावात गेल्यावर." त्याला मुका धोंडा म्हणतात. तो मुका कसा झाला, ते उतारगावची म्हातारी माणसे अशी सांगतात.

खिंडीच्या पश्चिमेला पवनव्रतींचा मठ आहे. हे व्रती वाऱ्याखेरीज दुसरे दैवत मानत नाहीत. मठाच्या दारांना कवाडे नाहीत, आणि वाऱ्याकडे पाठ करून कुणी जेवायला बसत नाही. धुके पडले की खिंडीवर शंख फुंकायचा, म्हणजे वाटसरूला कड्याची बाजू कळते, हे त्यांचे पूर्वापार काम. आणि वर्षातून एकदा, कापणी उरकली की, भर दुपारी एकेकाने धोंड्यापुढे उभे राहून आपला वर्षाचा दोष मोठ्याने बोलायचा. जुना दोष मनातून जात नसेल, तर तोच पुन्हा बोलायचा. वारा तो घेऊन जातो, दोष संपतो. मग तो दुसऱ्या कुणापुढे तोंडातून काढायचा नाही. काढला तर अंगावरची कफनी उतरवून मठ सोडायचा.

या मठात केरोबा नावाचा एक व्रती होता. एका धुकट सकाळी शंखाची पाळी त्याची होती. त्या दिवशी खिंडीत वारा असा काही गात होता, की त्यात आपला शंख घुसवणे त्याला पाप वाटले. डोळे मिटून तो ऐकत बसला. दुपारी धुके निवळले तेव्हा कड्याखाली उतारगावचा रंभाजी मरून पडलेला दिसला. लोकरीची गाठोडी घेऊन तो एकटाच घरी परतत होता. मठातून निरोप गेला, वाऱ्याची इच्छा.

त्या वर्षी केरोबा धोंड्यापुढे म्हणाला, "धुक्यात मी शंख फुंकला नाही. माणूस गेला." त्याला हलके वाटले. पण ते हलकेपण आठ दिवससुद्धा टिकले नाही, म्हणे. पुढच्या वर्षी त्याने तेच सांगितले, त्याच्या पुढच्या वर्षीही तेच. अशी सहा वर्षे गेली. मठासाठी दूध आणायला तो उतारगावात जाई. रंभाजीची आई चिमाऊ त्याच्या चरवीत दूध ओती, आणि चरवी भरल्यावरही थोडा वेळ त्याच्या तोंडाकडे पाहत राही. मग आत निघून जाई.

सातव्या वर्षी नेमके दोष बोलायच्या दिवशी थोरले व्रती अंबादेव तापाने फणफणले, आणि काढ्यासाठी पाला आणायला केरोबाला खाली पाठवले गेले. असे पूर्वी कधी झाले नव्हते. त्या दिवशी सगळे व्रती वरच असत.

चिमाऊच्या अंगणात सात-आठ बाया धान्य पाखडत बसल्या होत्या. केरोबा कुंपणाशी पोचला आणि डोंगरावरून आवाज आला. कानाशी बोलावे इतका स्वच्छ. "मी धाकट्या व्रतीच्या वाटचं तूप खाल्लं."

बाया खो खो हसल्या.

"तूपखाऊ आला गं! गेल्या साली गूळ होता."

"दात पडले तरी जिभेचे चोचले काही सुटेनात बाबाचे."

"थांब, आता तो रडका येईल. आणि मग तो..." बोलता बोलता तिला कुंपणापाशी केरोबा दिसला. सुपे थांबली.

केरोबाला कळायचे ते कळले. वारा दोष घेऊन जातो हे खरे होते. तो कुठे घेऊन जातो, हे मठातल्या कुणीच कधी पाहिले नव्हते.

"चिमाऊ," तो म्हणाला, "सगळं ऐकू येतं?"

"येतं. वारा इथूनच तर जातो."

"माझं पण?"

"सहा साल." चिमाऊने सूप खाली ठेवले. "मीच म्हटलं होतं या बायांना, आपल्याला ऐकू येतं हे वर मठात कुणी सांगायचं नाही. वाटलं, वाऱ्याला सांगून झालं की हा खाली येईल. तू यायचास, दूध घेऊन जायचास."

आता बोलले तर कफनी जाणार होती. विसाव्या वर्षापासून ती त्याच्या अंगावर होती, आणि मठाबाहेर त्याचे कुणी नव्हते. तो अंगणात आला, तिच्यासमोर खाली बसला आणि म्हणाला, "माय, धुक्यात मी शंख फुंकला नाही. तुझा रंभाजी माझ्यामुळे गेला."

"ते ठाऊक आहे मला. एकच सांग. त्याने हाक मारली होती का?"

हे त्याने धोंड्यापुढेही कधी सांगितले नव्हते. वाऱ्याने कधी विचारलेही नव्हते.

"मारली होती," तो म्हणाला. "तीनदा. मी म्हटलं, वाराच बोलतोय."

चिमाऊने सांडलेले दाणे सुपात गोळा केले. मग म्हणाली, "म्हणजे त्याला शेवटपर्यंत वाटत होतं, वर कुणीतरी आहे." आणि ती उठून आत गेली. तिने त्याला क्षमा केली असे कुणी सांगत नाही. केल्याचे कुणाला ठाऊक नाही.

केरोबा पाला घेऊन वर गेला. अंबादेवांना त्याने सगळे सांगितले आणि कफनी उतरवून त्यांच्या पायाशी ठेवली. अंबादेवांनी ती उचलली नाही, त्याला परतही दिली नाही. ताप उतरल्यावर ते स्वतः काठी टेकत उतारगावात गेले आणि चिमाऊच्या अंगणात संध्याकाळपर्यंत बसून राहिले. तेव्हापासून धोंड्यापुढे बोलणे बंद झाले.

आजही कापणीनंतर व्रती खिंड उतरून येतात आणि ज्याचा अपराध केला त्याच्या दारात उभे राहतात. ऐकणाऱ्याने एक प्रश्न विचारायचा, आणि व्रतीने त्याचे खरे उत्तर द्यायचे, एवढाच नेम. क्षमा कुणी मागत नाही. काही दारांत ऐकून घेतात आणि काहीच विचारत नाहीत. तिथे व्रती दिवस मावळेपर्यंत उभा असतो, आणि गावातली माणसे त्याला वळसा घालून आपापल्या कामाला जातात.