शेगुलाची कुरकुरीत न्याहारी

"शनिवारी घाणा फिरणार नाही म्हणजे काय? राज्य माझं की तुमचं?"

माडवलीचे राजे दुलबाजीराव गरजले. मुदपाकखान्यातलं तेल ऐन शनिवारी संपलं होतं, पुऱ्या राहिल्या होत्या आणि राजेसाहेबांना कोरड्या भाकरीवर भागवावं लागलं होतं!

समोर हसाजी तेली मान खाली घालून उभा होता. "महाराज, आम्ही बेने इस्राएल, म्हणजे यहुदी. शनिवार आमचा विश्रांतीचा वार. बापजाद्यांपासून पाळतो."

"आता नाही पाळायचा! घाणा चालवा, नाहीतर गाव सोडा!"

बापाचा उतरलेला चेहरा पाहून त्याच्या लेकीला, शेगुलाला, राहवेना. ती पुढे झाली. "महाराज, गाव सोडायच्या आधी एक पैज तरी होऊ द्या!"

पैज म्हटलं की राजेसाहेबांच्या मिशा थरथरत. "पैज? बरं! तुमचा कुठलासा सण येतोय ना?"

"वल्हांडण, महाराज. सणभर आम्ही आंबवलेलं, फुगवलेलं काही खात नाही."

"मग सणाच्या सकाळी मी तुझ्याकडे न्याहारीला येणार! धान्याचा दाणा नको. शिजवलेलं नको, तळलेलं नको, आणि कच्चं तर मुळीच नको. पातळ नको, लाडूसारखं वळलेलं नको, वडीसारखं थापलेलं नको. शिवाय पहिल्या घासाला मी 'पुरे' म्हणालो, की तू हरलीस!"

दिवाणजी उपरण्यात तोंड लपवून हसले. अमृत वाढलं तरी राजेसाहेब 'पुरे'च म्हणणार, हे सगळ्या दरबाराला ठाऊक होतं. शेगुलालाही होतं.

"कबूल!" ती म्हणाली. "पण 'पुरे' म्हणायचं ते पहिल्याच घासाला. दिवाणजी साक्षीला!"

वाटेत हसाजीने कपाळ धरलं. "शिजवलेलं नाही, कच्चं नाही! मग राजाला काय वारा वाढणार आहेस?"

"बाबा, मधे भाजलेलं असतं की!"

सणाच्या आदल्या दुपारी शेगुला कामाला लागली. खोबऱ्याचे पातळ काप केले. काजू-बदाम भरड फोडले. तीळ, चारोळी, खरबुजाच्या बिया घेतल्या. खजूर भिजवून हाताने कुस्करला, फडक्यातून दाट रस पिळला आणि सगळं त्यात घोळलं. मग तांब्याची परात मंद निखाऱ्यांवर ठेवून ती ढवळत बसली. आळीत असा खमंग वास सुटला, की शेजारणी उगीचच विस्तव मागायला येऊन गेल्या! गार झाल्यावर खडे खडे झाले. दोन खडे तिने स्वतः चावून पाहिले आणि गालातल्या गालात हसली.

सकाळी राजेसाहेब पाटावर बसले. शेगुलाने वाडगा पुढे ठेवला. 'पुरे' हा शब्द त्यांनी घरूनच ओठांवर आणला होता! त्यांनी मोठा घास तोंडात टाकला.

कुर्रम! कुर्रम!

शब्द तिथेच अडला. खजुराचा रस दाढांना चिकटला, बदाम दाताखाली फुटला, खोबरं जिभेवर विरघळायला लागलं. राजेसाहेब चावताहेत, चावताहेत... आणि डोळे आपोआप मिटताहेत! दिवाणजी कान देऊन बसलेले. कुर्रम, कुर्रम, दुसरं काही ऐकूच येईना. हसाजीला तर घाम फुटला.

वाडग्याचा तळ दिसला तेव्हा राजेसाहेब भानावर आले. ओठ पुसून ओरडले, "पुरे!"

"आता काय उपयोग, महाराज?" शेगुला म्हणाली. "वाडगाच संपला!"

"लबाडी! पहिल्या घासाला माझं तोंड भरलेलं होतं. बोलणार कसा?"

"तोंड भरलेलं होतं, कबूल. पण हात तर मोकळा होता ना? 'पुरे' म्हणून तो नुसता हलवायचा! तर तो दुसऱ्या घासासाठी वाडग्यात!"

राजेसाहेबांनी आपल्या हाताकडे पाहिलं. बोटांना अजून तीळ चिकटलेले! त्यांनी दिवाणजींकडे पाहिलं. दिवाणजी छताकडे पाहू लागले. आणि मग राजेसाहेब असे खदखदून हसले, की अंगणातल्या कोंबड्या उडाल्या!

"हरलो, पोरी! शनिवारी तुमचा घाणा बंद, आणि कुणी त्यावर बोट ठेवायचं नाही. वर माझ्या गोठ्यातला एक बैल तुला बक्षीस! पण सांभाळ हो, भारी हट्टी आहे. शनिवारी बसून राहणं काही त्याला जमायचं नाही!"

"जमेल, महाराज," शेगुला म्हणाली. "त्याच्याही पुढ्यात एक वाडगा ठेवीन!"

हसाजीने डोळे गच्च मिटले. राजेसाहेब मात्र पोट धरून हसले, आणि हसता हसता त्यांनी रिकामा वाडगा पुन्हा पुढे केला.