भागरताबाईची बारी

तुमच्या आज्याला मिसरूडही फुटलं नव्हतं, तेव्हाची ही गोष्ट. तेव्हा येनटोल्यात घरं कमी आणि डोंगर जास्त होते. घरं आताही कमीच आहेत म्हणा, डोंगर मात्र खाणीनं खाल्ले. एका बाजूला धानाच्या बांध्या, दुसऱ्या बाजूला मँगनीजची खाण, आणि मधोमध कवेलूच्या छपराची, एका खोलीची शाळा. पोरं बांध्यांमधल्या धुऱ्यावरून यायची तेव्हा पाय चिखलानं भरलेले, आणि खाणीचा धुरळा उडाला की तोंडं काळी. गभणे गुरुजी पोरांना फक्त आवाजावरून ओळखायचे, असं म्हणतात.

त्या खाणीत भागरताबाई कामाला होती. काम काय, तर लाल झेंडा धरायचा आणि ओरडायचं. सुरुंग उडवायच्या आधी ती काठावर उभी राहायची आणि चारी दिशांना हाक मारायची, "कोणी हाय काऽऽ?" कुठून "हाय" आलं की काम थांबायचं. म्हातारी असो नाहीतर गुराखी, तो बाहेर निघेपर्यंत दसरू सुरुंगवाला वात पेटवायचा नाही. तीन हाका रिकाम्या गेल्या की मगच बार. हा कायदा साहेबाचा नव्हता, दसरूचा होता. त्याचा थोरला भाऊ न विचारता लावलेल्या बारात गेला होता. म्हणून दसरू साहेबाचं एक वेळ ऐकायचा नाही, पण भागरताबाईच्या हाकेचं ऐकायचा.

आणि हाक कशी, बाप्पा! तळ्यात बसलेल्या म्हशी उठून उभ्या राहायच्या. झाडाच्या चिंचा खाली पडायच्या. पोरं आधीच सदरा पसरून चिंचेखाली बसलेली असायची, गुरुजी आत पाढे म्हणत बसले तरी. नदीपल्याडच्या गावात एक माणूस बायकोच हाक मारते आहे समजून पत्त्यांचा डाव टाकून घरी पळाला, असं म्हणतात.

भागरताबाईच्या घरात ती आणि नात कौसी, दोघीच. झेंडा मिळायच्या आधी भागरताबाईनं सगळं तरुणपण डोक्यावर घमेलं वाहिलं होतं. इतकं, की डोक्याच्या मधोमध केस उगवायचेच नाहीत. तो टकलाचा गोल ती पदरानं झाकायची. कौसी शाळेत जायची, दोन वेण्या घालून. तिच्या डोक्यावर तसला गोल पडू नये, एवढंच म्हातारीला देवाकडं मागायचं होतं.

आणि नेमकं मँगनीज सापडलं ते शाळेखाली.

खाणीचा साहेब शाळेत आला. म्हणाला, "मास्तर, शाळा उठवा. पोरं नदीपल्याड जातील."

गुरुजी म्हणाले, "साहेब, पावसाळ्यात ती नदी म्हशीला पार होत नाही."

"तर मग पावसाळ्यात सुट्टी द्या."

पोरांना हे एकदम पटलं, खोटं काहून बोला. पण दारात झेंडा घेऊन उभ्या असलेल्या भागरताबाईला ते पटलं नाही. नदीपल्याड कोणी पोरगी धाडणार नाही, हे तिला माहीत होतं. आणि शाळा सुटलेली पोरगी घरी बसत नाही, खाणीत जाते. तिला कौसीच्या भांगावर घमेलं दिसायला लागलं.

साहेबानं सुट्टीचा दिवस पाहून बार लावायला सांगितला. शाळा रिकामी, पोरं घरी. भागरताबाई गेली, झेंडा उभारला, हाक मारली. "कोणी हाय काऽऽ?"

आतून आवाज आला, "हाय ना व, काहून बोंबलतं? आत्ताच डोळा लागला होता."

सुकरू बुढा होता. सकाळीच बिडीचं बंडल देऊन तिनं त्याला आत तरटाच्या टाटपट्टीवर बसायला धाडलं होतं.

साहेब म्हणाला, "त्याला बाहेर काढा."

सुकरू म्हणाला, "मी शिकून राहिलो साहेब."

दसरूनं काडीपेटी खिशात टाकली आणि बिडी मागायला आत गेला.

दुसऱ्या दिवसापासून गावानं पाळीपाळीनं बारी लावली. पोरं घरी गेली की कोणीतरी मोठं माणूस शाळेत बसायचं. धान कापणारे विळा घेऊन बसायचे, बाया सूप घेऊन. साहेबानं भिंत पाडायला मजूर बोलावले, तर मजूर आधीच आत बसलेले. आता माणसं बसलीच आहेत तर गुरुजींना राहवेना. त्यांनी सगळ्यांच्या हातात पाट्या दिल्या. सुकरू बुढ्याला बेचा पाढा येईना म्हणून नातवासमोर कान धरून एका पायावर उभं केलं. खाली बसताना बुढा म्हणाला, "गुर्जी, तुमच्या बापाले मी कडेवर खेळवलं होतं गा." गुरुजी म्हणाले, "म्हणूनच एक पाय खाली ठेवू दिला."

असं म्हणतात, त्या वर्षी येनटोल्यात अडाणी असे दोघंच उरले. एक गुरुजींचा बोकड आणि दुसरी भागरताबाई. कारण ती नेहमी बाहेर, झेंड्यापाशी. आतमध्ये माणूस आहे का हे विचारायचं काम तिचं होतं, आत बसायचं नव्हतं.

असं करत दिवाळी झाली आणि मंडई आली. आपली मंडई म्हणजे काय सांगायचं, जत्राच, दुकानं, जिलबी, दंडारीची सोंगं आणि नाच, पोरीबाळी माहेरी. त्या वर्षी ती डोंगराच्या पलीकडच्या गावात होती. सकाळीच सगळं गाव नटूनथटून निघालं. सुकरूला वाटलं आज बारी कोतवालाची. कोतवालाला वाटलं गुरुजी तर बसतीलच. गुरुजींना वाटलं एवढ्या गावात कोणीतरी असेलच की. कौसी तर सगळ्यांच्या पुढं, जिलबीच्या वासानं ओढल्यासारखी.

शाळेत कोणी नाही. साहेबाला ते दिसलं. मंडईच्या दिवशी खाणीत फक्त दोघं कामावर होते, दसरू आणि भागरताबाई. शाळेच्या पायाशी भोकं पाडून कधीची तयार होती. दसरूनं सुरुंगाची दारू भरली.

"मार हाक," साहेब म्हणाला.

भागरताबाईनं हाक मारली. उत्तर नाही. तिला वाटलं बारीवाला झोपला असेल. दुसरी हाक मारली, लय मोठी. कवेलूवरची चिमणी उडाली. उत्तर नाही. तिसरी हाक न मारताच "आवाज आला" म्हणावं, असंही मनात आलं. पण तिनं हाकेत कधी खोटं केलं नव्हतं. एकदा केलं की दसरूनं पुढं कोणत्या हाकेवर भरवसा ठेवायचा? आणि खाणीत माणसं त्या भरवशावरच जगत होती.

दसरूनं तिच्याकडं पाहिलं. "माय, तिसरी?"

भागरताबाई साहेबाजवळ गेली आणि झेंडा त्याच्या हातात दिला.

"तिसरी तुमी मारा साहेब. माही नोकरी झाली."

आणि ती चालत गेली, चपला काढल्या, आणि जन्मात पहिल्यांदा शाळेच्या आत पाऊल टाकलं. टाटपट्टीवर कौसीची जागा कोणती ते तिला माहीत होतं, रोज दारातून बघायची ना. तिथं मांडी घालून बसली.

साहेब चिडला होता. त्यानं झेंडा वर केला आणि ओरडला, "कोई है क्या?" आवाज असा, की शेजारची शेळीसुद्धा वळली नाही.

भागरताबाईनं डोळे मिटले आणि म्हणाली, "हाऽऽय!"

असं म्हणतात, त्या एका हाकेनं खाणीच्या पोटातले दगड आपोआप घरंगळले. तळ्यातलं पाणी काठावर आलं. डोंगरापलीकडं मंडईत दंडारीची ढोलकी वाजत होती, तिच्यावरून आवाज गेला. ढोलकीवाल्याचा हात हवेतच थांबला. कौसीच्या हातातली जिलबी खाली पडली. "माही आजी आतमध्ये हाय," ती म्हणाली, आणि धावत सुटली. मग गावाला कळलं, शाळेत कोणालाच बसवलं नाही.

सगळे धावले. गुरुजी धोतर सावरत, बाया लेकरं काखोटीला मारून, दंडारीतला राक्षस शिंगांसकट, आणि नाच्या लुगडं गुडघ्यावर धरून. रस्ताभर एकमेकांना "तुही बारी होती", "माही कशी, तुही होती" चाललेलं. सगळे येऊन शाळेत शिरले. खोली भरली, ओसरी भरली, उरलेले खिडकीत बसले. दसरूनं भरलेली दारू भोकातून काढली, पाणी ओतलं, आणि तोही राक्षसाशेजारी जाऊन बसला.

बाहेर उरला साहेब, एकटा, हातात लाल झेंडा घेऊन. असं म्हणतात, तो ऊन कलेपर्यंत तसाच उभा होता. शेवटी गुरुजींनीच बाहेर येऊन विचारलं, "साहेब, पाणी घेता?"

खाण मग डोंगराच्या दुसऱ्या अंगाला सरकली, आणि काही वर्षांनी संपली. भागरताबाईला कामावर कोणी घेतलं नाही. मंडईच्या दुसऱ्याच दिवशी ती पाटी घेऊन पहिलीत येऊन बसली, कौसीच्या मागं. लिहिणं तिला फारसं जमलं नाही. हजेरीला मात्र असं ओरडायची की गुरुजी तिचं नाव यायच्या आधी कानात बोटं घालायचे. ती गेली तेव्हा म्हणे तिथंच बसल्याबसल्या गेली. ती जागा कितीही सारवा, थोडी खोलगट राहतेच. कौसीची वेणी पुढं कमरेखाली आली, आणि डोक्यावर तो टकलाचा गोल शेवटपर्यंत पडला नाही.

आता खाणीत पाणी भरलंय, कमळं येतात. शाळेत पोरं हाताच्या बोटांवर मोजावी इतकी. पण त्या शाळेला अजून कुलूप नाही, आणि मंडईच्या दिवशी गाव निघायच्या आधी आत एक माणूस बसवतात. त्याला भागरताबाईची बारी म्हणतात. पहिली जिलबी मंडईत कोणी खात नाही, ती पानात बांधून शाळेत जाते. त्या बारीसाठी आता भांडणं होतात. नागपूरला, भिलाईला नोकरीला गेलेले, केस पिकलेले लोक महिनाभर आधी निरोप धाडतात, यंदा माझं नाव घ्या म्हणून. लहानपणी हेच लोक मागच्या खिडकीतून उड्या मारून पळायचे. आता संध्याकाळी गाव परत येतं, बारी संपली म्हणून सांगतं, आणि आत बारीला बसलेला जिलबीचा पाक बोटांवर तसाच ठेवून म्हणतो, "बसू द्या ना गा अजून थोडं."