कोंडाबाईंचा ओटा

“…म्हणजे म्हातारी खोटं बोलते, असंच ना?” नरहरशास्त्र्यांनी मान वर न करता विचारलं.

“खोटं म्हणा, भ्रम म्हणा,” हेरंब म्हणाला. “लेख छापण्याजोगा नाही, गुरुजी.”

शास्त्रीबुवा ‘कालविक्षेप’ नावाचं त्रैमासिक चालवीत. वेळ कुठे अडते, कुठे मागे सरते, कुठे चक्क गायब होते, याचा शास्त्रशुद्ध अभ्यास करणारं. वाचक मोजके आणि वाद उदंड. बुवा आता थकले होते. संपादकाची खुर्ची आपल्यालाच मिळणार, हे निदान हेरंबने तरी ठरवून टाकलं होतं.

आंबेवाडीच्या कोंडाबाई शिंगऱ्यांनी कुणाकडून तरी लेख लिहवून धाडला होता, की माझ्या ओट्यावर जो टेकतो त्याची दुपार नाहीशी होते. गावाने त्यांना वेड्यात काढलं होतं. त्यांना घरातून हलवायला पुतणे टपलेलेच होते. त्रैमासिकात चार ओळी आल्या तर त्यांची तोंडं बंद होतील, एवढीच बाईंची आशा.

परीक्षक म्हणून हेरंब जाऊन आला होता.

“दोन घड्याळं नेली होती,” तो ऐटीत म्हणाला. “एक मनगटावर, एक ओट्यावर. उठताना पडताळून पाहिली. तंतोतंत जुळत होती.”

“वा! पोचलास कधी?”

“जेवणाच्या आधी.”

“बसलास किती?”

“चहा होईपर्यंत. पाचेक मिनिटं.”

“आणि निघालास?”

“लगेच. शेवटच्या एसटीनं.”

शास्त्रीबुवांनी आता मान वर केली.

“ती तर दिवेलागणीला सुटते,” हेरंब पुटपुटला.

त्याचा चेहरा पडला. घड्याळं त्याने एकमेकांशी ताडून पाहिली होती. त्यांत वाजले किती, ते पाहायचं राहूनच गेलं होतं. इतक्या हुशार माणसाकडून इतका वेंधळेपणा व्हावा, याची त्याला भयंकर लाज वाटली.

“बोललास काय बाईंशी?”

“काहीच नाही. त्यांनी विचारलं, वडील आहेत का. मी म्हटलं, गेले.”

“मग?”

“मग…”

स्मशानातून परतल्यापासून वडिलांचं नाव हेरंबने कुणापाशी काढलं नव्हतं. बायकोपाशीही नाही. आता त्याला चहाचा कप आठवला. गार झालेला, वर साय धरलेली. दुसऱ्यांदा आणलेला कपही आठवला. कोंडाबाईंचा खरबरीत हात पाठीवर होता, तेही आठवलं. बाकी सगळं धुकं.

“गुरुजी, मी तिथं रडलो होतो का?”

“मला काय विचारतोस?”

“मला समजत नाही. घड्याळं बरोबर होती!”

“होती की.”

“मग बाई वेड्या नाहीत?”

“तू सांग.”

हेरंब दोन्ही बाजू तोलू लागला. बाई खऱ्या म्हणाव्यात, तर आपल्याच तपासणीला काडीची किंमत उरत नाही. खोट्या म्हणाव्यात, तर ती दुपार कुणाच्या नावावर घालायची? डोकं भणभणून गेलं.

शास्त्रीबुवांनी त्याचा अभिप्राय पुढे ओढला. त्याच्या सहीखालचा ‘परीक्षक’ हा शब्द खोडला आणि तिथे सावकाश ‘साक्षीदार’ असं लिहिलं. कागद पुन्हा त्याच्यापुढे सरकवला.

हेरंबने तो शब्द दोनदा वाचला. मग वरचा आपला अभिप्राय त्याने स्वतःच्या हाताने फाडून टाकला. खालचा सहीचा तुकडा तेवढा कोंडाबाईंच्या लेखाला जोडला. लेख आता छापायच्या गठ्ठ्यावर पडला होता. पण त्रैमासिकाची शिस्त त्याच्या अंगात मुरलेली, त्याला राहवेना.

“पण गुरुजी, परीक्षकाशिवाय लेख कसा छापायचा? दुसरा कुणी तरी नेमायला हवा.”

“नेमू की,” शास्त्रीबुवा म्हणाले. “ज्याची एकही दुपार हरवलेली नाही, असा कुणी भेटला तर घेऊन ये.”