तेलिणीचा नववा बुधला

खूप जुनी गोष्ट आहे. डोंगरातल्या एका राज्यात अवघड घाट होता. वाटसरू दरीत पडू नयेत म्हणून त्याच्या प्रत्येक वळणावर रोज मशाल पेटे. त्यासाठी राज्यातले तेली गाळलेल्या तेलाच्या दर दहा बुधल्यांमागे एक बुधला राजाला देत. हा वाटा दर तीन महिन्यांनी थोडा थोडा पोचवायचा, अशी तिथली रीत होती.

त्या राज्यात एक विधवा तेलीण होती. फार सरळ बाई. त्या वर्षी तिचा घाणा जोरात चालला. पण वर्षाचा हिशेब आधी कसा कळणार, म्हणून तिने एकही हप्ता दिला नाही. शेजारीण म्हणाली, "काकी, राजाचं तेल लोणच्यासारखं मुरवताय की काय?" तेलीण हसली. शेवटी सगळं एकदम देईन, थेंबभरही कमी नाही, असं तिने सांगितलं.

वर्षभरात एकूण ऐंशी बुधले भरले. वाट्याचे आठ तिने गाडीत ठेवले. बाकीचं तेल विकून घरखर्चात आणि तिळात गेलं होतं. पुढच्या घाण्यासाठी तीळ घ्यायचे होते, म्हणून त्यांच्या बदल्यात द्यायला उरलेला एकच नववाही घेतला. शाबासकी मिळणार या आनंदात ती राजाच्या कोठारात पोचली.

म्हाताऱ्या कारकुनाने आठ बुधले मोजून घेतले आणि नवव्यावर हात ठेवला. "हाही उतरवा, बाई. दंडाचा."

तेलिणीच्या हातातून कासरा गळून पडला. दंड? तिला? ती तशीच राजापुढे जाऊन उभी राहिली.

"महाराज, मी चोर आहे का?"

"नाही, बाई. चोर असतीस तर एका बुधल्यावर भागलं नसतं," राजा शांतपणे म्हणाला. "पण तुझं तेल तुझ्या घरात होतं, तेव्हाही घाटात मशाली पेटतच होत्या. ते तेल आम्ही शेजारच्या राज्यातून उसनं आणलं. त्यांनी वर जे मागितलं, तो हा बुधला."

हे तेलिणीच्या कधी मनातच आलं नव्हतं. तिने विचारलं, "पण वर्ष संपण्याआधी माझा वाटा मला कळणार कसा?"

"गेल्या वर्षी किती दिलेस?"

"चार."

"मग या वर्षी दर हप्त्याला एकेक दिला असतास, तरी आमची रीत पाळली गेली असती. वाढलेले चार आज आणले असतेस, तर कोणी दंड मागितला नसता."

नववा बुधला कोठारात गेला. तिळाविना तेलिणीचा घाणा महिनाभर बंद राहिला. बैल दावणीला उभा राहून कडबा खात होता, आणि ती दुसऱ्यांच्या घाण्यावर मजुरीला जात होती.

जे वर्षभर हाती येतं, त्यातला देण्याचा वाटा वर्षभरच देत जावा; शेवटी पुरेपूर दिला, तरी उशिराची भरपाई वेगळी द्यावीच लागते.