पाठवायला कुणी उरलं नाही

ही गोष्ट फार लांबची, अमेरिकेतल्या ओहायो मुलखातली. तिथे भाऊबंदांचं मोठं युद्ध पेटलं, तेव्हा एक कायदा होता. फौजेच्या सोडतीत ज्याचं नाव निघे, तो पैसेवाला असला तर पैसे मोजून आपल्या जागी दुसऱ्याला पाठवू शके.

एझ्रा टकर मात्र स्वतः लढला. परतला तेव्हा घरात कुणीच नव्हतं. एकट्यानेच चूल पेटवायची, एकट्यानेच जेवायचं. पुढे गावाने त्याला विधानसभेसाठी उभं केलं. समोर होता गिरणीमालक व्हिटलॉक.

भर सभेत व्हिटलॉक म्हणाला, "मंडळी, टकरच्या घरात वाट बघायला मांजरसुद्धा नाही. तो तुमच्या घरांचं काय भलं करणार?"

लोक हसले. एझ्रा सावकाश उठला.

"व्हिटलॉकसाहेब, सोडतीत तुमचंही नाव निघालं होतं ना?"

"निघालं होतं. मी माणूस पाठवला, कायद्याने."

"त्याचं नाव काय?"

"ते माणूस पुरवणाऱ्या दलालाला ठाऊक. मला कशाला?"

"सॅम्युएल टकर. माझा धाकटा भाऊ. माझी वाट बघायला घरात तोच होता. तुमच्या जागी गेला तो परतला नाही."

एझ्रा एक पाऊल पुढे आला.

"उद्या विधानसभेतही तुम्ही कुणाला तरी पाठवाल. माझ्या घरात आता पाठवायला कुणी उरलं नाही साहेब, म्हणून मी स्वतःच जातो."

एझ्रा निवडून आला. लोकांनी त्याला वाजतगाजत दारापर्यंत पोचवलं. आत जाऊन त्याने चुलीजवळ दोन खुर्च्या ओढल्या आणि एकीवर बसला.